कानशीपासून चेसिस नंबरपर्यंत: पार्ट नंबरची गोष्ट

(पॉडकास्टच्या या भागाचं लिखित रूप. बोलण्याच्या ओघातली काही वाक्यं तशीच ठेवली आहेत.)

आजचा भाग एका नंबराबद्दल आहे. मोबाइल नंबर नाही, गाडीच्या पाटीवरचा नंबरही नाही. ऑइल फिल्टरवर, हेडलाइटच्या पाठीमागे, काच वर-खाली करणाऱ्या मोटरवर एक दहा-बारा अक्षरांचा नंबर छापलेला असतो बघा. पार्ट नंबर.

विषय रुक्ष वाटेल, मान्य. पण स्पेअर पार्टच्या दुकानात कधी उभे राहिला असाल तर हा संवाद ओळखीचा असेल. "मॉडेल कुठलं? साल? पेट्रोल की डिझेल? एबीएस आहे का?" एवढं विचारून दुकानदार दोन खोकी काउंटरवर ठेवतो आणि म्हणतो, "यातलं एक बसेल." आता हे वायपर असतील तर ठीक आहे. ब्रेक पॅड असतील तर "यातलं एक बसेल" ऐकून मला तरी झोप येत नाही.

मी सॉफ्टवेअरवाला. डेटाबेसमधल्या प्रत्येक गोष्टीला नीट आयडी देणं हे माझ्या रोजच्या कामातलं काम. त्यामुळे मला प्रश्न पडला की गाडीच्या हजारो भागांना आयडी दिला कोणी, आणि तो असतानाही बरोबर भाग मिळवणं इतकं अवघड का? शोधायला लागलो तर हा धागा थेट बंदुकांच्या कारखान्यात गेला. चला, तिथूनच सुरू करू.

नंबर होता, पण वेगळ्या कामाचा

अठराव्या शतकातली बंदूक घ्या. तिच्या प्रत्येक तुकड्यावर बरेचदा खूण किंवा आकडा कोरलेला असायचा. म्हणजे पार्ट नंबर तेव्हाही होता? नाही. तो आकडा सांगायचा की हा स्क्रू "या" बंदुकीचा आहे. कारण कारागीर प्रत्येक तुकडा कानशीने घासून शेजारच्या तुकड्याला बसवायचा. एका बंदुकीचा घोडा दुसऱ्या बंदुकीला बसायचाच नाही.

सॉफ्टवेअरच्या भाषेत सांगायचं तर तो ऑब्जेक्टचा आयडी होता, क्लासचं नाव नव्हतं. एका वस्तूची ओळख, वस्तूच्या प्रकाराची नव्हे.

१७८५ मध्ये ओनोरे ब्लाँ नावाच्या फ्रेंच बंदूकवाल्याने एक प्रयोग दाखवला. पन्नास बंदुकांच्या चापांचे सुटे तुकडे वेगवेगळ्या कप्प्यांत ठेवलेले. पाहायला आलेल्यांमध्ये थॉमस जेफरसन होते. ते तेव्हा अमेरिकेचे फ्रान्समधले वकील होते, राष्ट्राध्यक्ष पुढे झाले. त्यांनी हाताला येतील ते तुकडे उचलले आणि स्वतः चाप जोडले. बसले! त्यांनी हे पत्राने अमेरिकेला कळवलं. पुढे काही दशकं खर्च करून अमेरिकेच्या सरकारी शस्त्र कारखान्यांनी, विशेषतः स्प्रिंगफिल्ड आणि हार्पर्स फेरीने, ही पद्धत खरोखर उत्पादनात उतरवली.

याच स्प्रिंगफिल्डच्या कारखान्यात यादवी युद्धाच्या काळात हेन्री लेलँड नावाचा एक तरुण कामाला होता. नाव लक्षात ठेवा, कारण पुढे हाच माणूस कॅडिलॅक कंपनीचा प्रमुख झाला.

ब्रुकलँड्स, १९०८

आता इंग्लंड. १९०८ साली तिथे चांगली मोटार म्हणजे हाताने जुळवलेली मोटार. भाग बदलायचा तर फिटर येणार, कानस चालवणार आणि बसवून देणार. अमेरिकन गाड्यांकडे स्वस्त माल म्हणून पाहिलं जायचं.

कॅडिलॅकचे इंग्लंडमधले विक्रेते फ्रेडरिक बेनेट यांनी रॉयल ऑटोमोबाइल क्लबची एक चाचणी स्वीकारली. विक्रीसाठी ठेवलेल्या गाड्यांमधून तीन गाड्या क्लबने निवडल्या. त्या ब्रुकलँड्सच्या शर्यतीच्या ट्रॅकवर नेल्या आणि पूर्ण उघडल्या, अगदी नट-बोल्टपर्यंत. तिन्ही गाड्यांच्या सुट्या भागांचा एकच ढीग केला. त्यातले ८९ भाग क्लबने बाजूला काढले आणि त्यांच्या जागी विक्रेत्याच्या गोदामातले नवे भाग टाकले. मग मेकॅनिकना सांगितलं, करा तीन गाड्या. हत्यारं फक्त पाने आणि स्क्रू-ड्रायव्हर. कानस नाही, हातोडीने ठोकणं नाही.

तीन गाड्या उभ्या राहिल्या. कुठला भाग कुठल्या गाडीचा होता, हे विचारण्यात आता अर्थच उरला नव्हता. त्यानंतर त्या ट्रॅकवर प्रत्येकी ५०० मैल पळवल्या, आणि तिन्ही पळाल्या. या कामगिरीसाठी कॅडिलॅकला ड्यूअर ट्रॉफी मिळाली.

माझ्या दृष्टीने आजच्या अर्थाच्या पार्ट नंबरला खरा आधार इथे मिळतो. भाग एकसारखे असतील तरच "हा नंबर द्या" या मागणीला अर्थ आहे. बाहेरगावचा माणूस फक्त नंबर लिहून पत्र पाठवेल आणि पोस्टाने आलेला भाग कानस न लावता बसेल, ही शक्यता या ढिगातून सिद्ध झाली.

फोर्ड: गाडी तीच, पण तीच नाही

त्याच वर्षी, १९०८ च्या ऑक्टोबरमध्ये, फोर्डची मॉडेल टी आली. १९२७ पर्यंत दीड कोटीहून जास्त गाड्या बनल्या. नाव एकच: मॉडेल टी. पण एकोणीस वर्षांत आतले भाग सतत बदलत गेले. म्हणजे "मॉडेल टीचा अमुक भाग द्या" हे अपुरं ठरलं. कुठल्या वर्षाच्या मॉडेल टीचा?

आपल्या सगळ्या गोंधळाचं मूळ इथे आहे. गाडीचं नाव जाहिरातीसाठी एकच राहतं, गाडी मात्र मुकाट बदलत जाते.

फोर्डने पुढे यावर एक छान रचना उभी केली. साठच्या दशकातल्या नंबराचं उदाहरण घेऊ: सी५झेडझेड-६०४९-ए. मधला आकडा, ६०४९, म्हणजे सिलिंडर हेड. गाडी कुठलीही असो, सिलिंडर हेडला ६०४९ च. तसंच ६७३१ म्हणजे ऑइल फिल्टर आणि १२४०५ म्हणजे स्पार्क प्लग. पुढचा तुकडा बघा: सी म्हणजे साठचं दशक, ५ म्हणजे १९६५ साल, झेड म्हणजे मस्टँग, आणि शेवटचा झेड म्हणजे फोर्ड डिव्हिजनचा सर्व्हिस पार्ट. शेवटचं ए म्हणजे पहिली आवृत्ती. बदल झाला की बी, मग सी. सगळं वाचता येतं, एखाद्या पत्त्यासारखं!

पण यात दोन खड्डे आहेत, आणि लोक आजही त्यात पडतात.

पहिला खड्डा. "सी५" म्हणजे तो भाग १९६५ साठी तयार केला गेला. तो पुढची चार वर्षं तसाच वापरला गेला असेल तरी नंबर सी५ च राहणार. १९६८ च्या गाडीचा मालक "सी८" शोधत बसला तर त्याला काही सापडणार नाही, कारण त्याच्या गाडीत मुळातच सी५ आहे.

दुसरा खड्डा जास्त फसवा. भागावर, लोखंड ओततानाच, जो नंबर उठवलेला असतो तो इंजिनिअरिंगचा नंबर. काउंटरवर मागायचा तो सर्व्हिसचा नंबर. दोन्ही दिसायला भाऊ-भाऊ, पण एक-दोन अक्षरांचा फरक. जुना भाग काढला, घासून नंबर वाचला आणि तोच मागितला, तर उत्तर येतं की असा नंबरच नाही. भागावर दिसणारा नंबर हा पुरावा आहे, पण तो अंतिम उत्तर असेलच असं नाही.

बीटल आणि बारा व्होल्टचा दिवा

मॉडेल टीचा उत्पादनाचा विक्रम मोडला फोक्सवॅगन बीटलने, १९७२ च्या फेब्रुवारीत. २००३ मध्ये मेक्सिकोत शेवटची बीटल बनली तोवर आकडा २ कोटी १५ लाखांच्या पुढे गेला होता. ही गाडी तर बाहेरून बदलल्यासारखी वाटतच नाही. त्यामुळे तिचा पार्ट नंबर फार शिस्तीचा असावा लागला.

फोक्सवॅगनचा नंबर तीन-तीन-तीन आकड्यांचा, आणि मागे अक्षर. पहिले तीन सांगतात की भाग मुळात कुठल्या गाडीसाठी बनला. जुन्या बीटलमध्ये ११३ म्हणजे डाव्या स्टिअरिंगची डिलक्स, ११४ म्हणजे उजव्या स्टिअरिंगची. चौथा आकडा मुख्य गट: १ इंजिन, ३ गिअरबॉक्स, ६ चाकं आणि ब्रेक, ८ बॉडी, ९ इलेक्ट्रिकल. शेवटचे तीन आकडे प्रत्यक्ष भाग. आणि इथे एक सुंदर नियम आहे: डाव्या-उजव्या जोडीत विषम आकडा डावा, सम आकडा उजवा. पुढचं मडगार्ड ८२१ ०२१ असेल तर डावं, ८२१ ०२२ असेल तर उजवं. शेवटचं अक्षर म्हणजे सुधारणा.

एवढी शिस्त असूनही साल चुकतंच. बघा कसं. फोक्सवॅगनचं नवं मॉडेल वर्ष जानेवारीत नाही, ऑगस्टमध्ये सुरू व्हायचं. अमेरिकेत विकल्या जाणाऱ्या बीटलची वीजव्यवस्था १९६७ च्या मॉडेल वर्षापासून ६ व्होल्टची १२ व्होल्ट झाली. म्हणजे १९६६ च्या ऑक्टोबरमध्ये घेतलेली बीटल कागदावर १९६६ ची, पण आतून १२ व्होल्टची. "६६ ची बीटल" म्हणून ६ व्होल्टचा दिवा लावला तर तो क्षणभर झगझगीत पेटून उडणार.

मग कंपनीच्या पुस्तकात साल कसं लिहायचं? त्यांनी चेसिस नंबरचा आधार घेतला: "अमुक चेसिस नंबरपर्यंत हा भाग, त्यापुढे तो भाग." कॅलेंडर बाजूला, लाइनवरून गाडी उतरण्याचा क्रम महत्त्वाचा.

हे जुनं किंवा परदेशी प्रकरण समजू नका. आपल्याकडे १ एप्रिल २०२० पासून बीएस-६ लागू झालं. "२०२० ची गाडी" एवढंच सांगितलं तर ती बीएस-४ आहे की बीएस-६, कळणार कसं? आणि धुराशी संबंधित सेन्सर, कॅटॅलिटिक कन्व्हर्टर हे भाग दोन्हींत वेगळे. त्यात आरसीवर नोंदणीची तारीख वेगळी, बनवल्याचा महिना वेगळा. डिसेंबरात बनलेली गाडी जानेवारीत नोंदली गेली की साल एकाने पुढे सरकलंच.

संभाजीनगरची ऑक्टाव्हिया, गोल्फचा भाग

आता आपल्या राज्यात येऊ. २००१ च्या सुमारास स्कोडाची ऑक्टाव्हिया भारतात आली आणि तेव्हाच्या औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरला, तिची जुळणी सुरू झाली. स्कोडा फोक्सवॅगनच्या कुटुंबातली. ऑक्टाव्हियाचा सांगाडा चौथ्या पिढीच्या गोल्फवर बेतलेला. त्या गोल्फचा सांकेतिक क्रमांक १जे, म्हणजे एक-जे. म्हणून ऑक्टाव्हियाच्या ब्रेक आणि सस्पेन्शनमधले बरेच भाग "१जे०" ने सुरू होतात. पुढच्या ब्रेक डिस्कचा नंबर बघा: १जे० ६१५ ३०१, आणि मागे अक्षर.

गंमत म्हणजे ती गोल्फ भारतात कधी विकलीच गेली नाही. फोक्सवॅगन हा ब्रँडच इथे २००७ मध्ये आला. म्हणजे मराठवाड्यात जुळवलेल्या गाडीच्या डिस्कवर अशा गाडीचं नाव होतं जी इथल्या रस्त्यावर नव्हतीच. नंबराचा अर्थ माहीत असलेला पण अर्धवट माहीत असलेला माणूस छातीठोक सांगेल, "हा तुमच्या गाडीचा नाही."

डेटाबेसमध्ये आम्ही याच कारणासाठी आयडीत अर्थ कोंबत नाही. आज अर्थ बरोबर असतो, उद्या वस्तू दुसरीकडे वापरली जाते, आणि आयडी खोटं बोलायला लागतो.

प्रत्येक कंपनीने यातून आपापला मार्ग काढला. बीएमडब्ल्यूचा नंबर अकरा आकडी. पहिले चार गट आणि उपगट सांगतात, ११ ४२ म्हणजे इंजिनच्या ऑइल फिल्टरचा भाग. उरलेले सात आकडे निव्वळ ओळख. त्यात गाडीचं नाव नाही, साल नाही, त्यामुळे दिशाभूल करायलाही काही नाही. टोयोटाचे पहिले पाच आकडे भागाचा प्रकार सांगतात: ०४४६५ पुढचे ब्रेक पॅड, ४८५१० पुढचा उजवा शॉक अ‍ॅब्सॉर्बर, ४८५२० डावा. मारुतीचं मूळ सुझुकीत. १६५१० ऑइल फिल्टर, १३७८० एअर फिल्टर. सुझुकीच्या नंबरात पाच आकड्यांनंतर आडवी रेघ येते, मारुतीच्या नंबरात त्या जागी "एम" दिसतो. खोक्यावर कधी बघितलं नसेल तर आता बघा.

पुस्तक कोणाच्या हातात?

इथपर्यंत कळलं असेल की नुसता नंबर वाचून भागत नाही. चेसिस नंबर आणि पार्ट नंबर यांना जोडणारं पुस्तक लागतं. कंपनीचा पार्ट कॅटलॉग. आधी तो जाडजूड कागदी होता. सत्तर-ऐंशीच्या दशकात तो मायक्रोफिशवर गेला: पोस्टकार्डाएवढी फिल्म, तिच्यावर डझनावारी पानं, आणि ती वाचायला काउंटरवर मोठं भिंग असलेलं यंत्र. मग सीडी आणि आता ऑनलाइन. त्याच काळात चेसिस नंबरही एकसारखा झाला. १९८१ पासून अमेरिकेत सतरा अक्षरी नंबर सक्तीचा झाला आणि जगभर तीच पद्धत रुळली. त्यात इंग्रजीतले आय, ओ आणि क्यू वापरत नाहीत, कारण ते एक आणि शून्यासारखे दिसतात. पहिली तीन अक्षरं निर्मात्याची: एमए३ असेल तर मारुती, एमएटी असेल तर टाटा.

पण पुस्तक असणं वेगळं आणि ते सगळ्यांना मिळणं वेगळं. आपल्याकडे हा प्रश्न भारतीय स्पर्धा आयोगापुढे गेला. २५ ऑगस्ट २०१४ च्या आदेशात आयोगाने १४ कार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४५ कोटी रुपये दंड ठोठावला. मुद्दा होता की मूळ सुटे भाग, तपासणीची यंत्रं आणि तांत्रिक माहिती बाहेरच्या गॅरेजना खुल्या बाजारात मिळत नव्हती. कंपन्या अपिलात गेल्या, म्हणजे लढाई तिथे संपली नाही. पण सरकारी कागदावर हे लिहिलं गेलं की भागाची माहिती अडवणं म्हणजे गिऱ्हाइकाचं नुकसान. २०२२ च्या डिसेंबरात केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने "राइट टू रिपेअर" पोर्टल सुरू केलं, त्यात मोटारींचाही समावेश आहे.

हे महत्त्वाचं का? कारण अचूक नंबर फक्त अधिकृत सर्व्हिस सेंटरलाच कळणार असेल, तर कोपऱ्यावरच्या मेकॅनिकला अंदाजानेच काम करावं लागतं. त्याचा अंदाज चुकला तर आपण त्याला दोष देतो, पण पुस्तक त्याला दिलेलंच नसतं.

गेल्या वर्षी वडिलांच्या गाडीचे पुढचे शॉक अ‍ॅब्सॉर्बर घ्यायला मी नाना पेठेत गेलो होतो. मी मॉडेल, व्हेरियंट, साल सगळं पाठ करून गेलेलो. दुकानातले काका म्हणाले, "साहेब, नाव राहू द्या. आरसीचा फोटो दाखवा." त्यांनी चेसिस नंबर फोनवर टाकला, आकृती उघडली आणि म्हणाले, "तुमच्या सालात दोन प्रकार आहेत. तुमचा दुसरा." दोन मिनिटांत काम झालं. ब्रुकलँड्सच्या त्या ढिगापासून सुरू झालेली गोष्ट त्या छोट्या काउंटरवर नीट चालू होती.

मग आपण काय करायचं?

आरसीचा फोटो फोनमध्ये ठेवा. सुरुवात चेसिस नंबरपासून करा, मॉडेलच्या नावापासून नाही.

जुना भाग फेकू नका. त्यावरचा नंबर टिपून ठेवा, पण त्याला साक्षीदार समजा, न्यायाधीश नाही. तो भाग आधीच्या कुणीतरी चुकीचा बसवलेला असू शकतो.

कॅटलॉगमध्ये नाव शोधण्यापेक्षा आकृती बघा. एकाच भागाला एक जण "बुश" म्हणतो, दुसरा "रबर". चित्रात वाद होत नाही.

डावं-उजवं नेहमी गाडीत बसून, समोर तोंड करून ठरवा. अमेरिकन व्हिडिओत "ड्रायव्हर साइड" म्हणजे डावी बाजू. आपल्याकडे ती क्लीनर साइड!

नवा नंबर जुन्याच्या जागी आलाय असं सांगितलं तर एक प्रश्न विचारा: सरळ बसतो, की सोबत आणखी काही बदलावं लागतं? ॲप अपडेट केल्यावर कधी कधी फोनच चालेनासा होतो ना, तसंच आहे हे.

आणि शेवटचं. नंबर बरोबर असणं आणि माल खरा असणं या दोन वेगळ्या गोष्टी. डुप्लिकेट खोक्यावर नंबर अगदी अचूक छापलेला असतो, तेवढं छापायला काहीच लागत नाही. म्हणून ब्रेक, स्टिअरिंग, एअरबॅग यांच्या बाबतीत पक्कं बिल घ्या आणि बिलावर पार्ट नंबर लिहून घ्या. दुकानदार नंबर लिहायला का-कू करत असेल तर दुसरं दुकान गाठा.

आजच्यापुरतं एवढंच. तुमच्या गाडीच्या एखाद्या भागावर विचित्र नंबर दिसला तर फोटो पाठवा, पुढच्या भागात आपण तो मिळून वाचू. गाडी सांभाळून चालवा. भेटू!